नावं तेवढी तशीच

"जल वक्षःस्थळापर्यंत पोहोचलं होतं," जयदेव माइकवर म्हणाला आणि तिसऱ्या रांगेत बसलेल्या बुधाजींच्या मुठीतली पाण्याची बाटली कुरकुरत चेपली गेली.

पुढच्या रांगेतल्या दोघांनी मागं वळून पाहिलं. बुधाजींचं लक्ष नव्हतं. शेंग सोलावी तसं ते मनातल्या मनात वाक्य सोलत होते. जल म्हणजे पाणी. वक्षःस्थळ म्हणजे छाती. पाणी छातीपर्यंत आलं होतं. हे तर त्यांचं वाक्य! एक वर्षापूर्वी, अंबरनाथच्या याच बुद्धविहाराच्या सभागृहात, रामभाऊंच्या पुण्यानुमोदनाच्या शोकसभेत, याच माइकवर ते बोलले होते.

"रामभाऊंनी मालवाहू वाहनाची हवाभरित नळी प्राप्त केली," जयदेव पुढं म्हणाला. "तिला रज्जू बांधला. आणि वालधुनीच्या त्या रौद्र प्रवाहात स्वतःला झोकून दिलं!"

ट्रकची ट्यूब. दोरी. उडी मारली.

"माझा हाय," बुधाजी बायकोच्या कानाशी पुटपुटले. "सगला माझा हाय. आक्खा भाषान चोरलान त्यानं."

कमळाबाईंनी पदर सारखा केला. "एक शब्द तरी तुमचा दिसतंय का? उगाच कनाला जलताव त्याच्यावर? बसा गप."

बसले. पण बसणं म्हणजे तव्यावर बसणं होतं. समोर रामभाऊंचा फोटो, पांढरी फुलं, मेणबत्त्या, पहिल्या रांगेत पांढऱ्या साडीत चांगुणावहिनी, आणि माइकपाशी हा जयदेव. उल्हासनगरच्या कॅम्प पाचमध्ये आधार, पॅन आणि ऑनलाइन फॉर्म भरून देणारं दुकान चालवणारा, इस्त्रीचा कुर्ता घालणारा, जेमतेम पस्तिशीचा जयदेव. वाढदिवस असो की शोकसभा, उल्हासनगरपासून बदलापूरपर्यंत हल्ली सगळे त्यालाच बोलवत. बुधाजींना मात्र एका ओळीचा मेसेज आला होता: अमुक वारी प्रथम स्मृतिदिन, अवश्य येणे. 'बोलणे' हा शब्द त्यात नव्हता. तरी बुधाजी नवं भाषण घोकून, मिशीला काळं लावून, अकराच्या ठोक्याला बदलापूरहून हजर झाले होते. ऐन वेळी कुणी म्हणालंच, बुधाजी, दोन शब्द बोला, तर!

कुणी म्हणालं नाही.

आणि बुधाजी म्हणजे काही ऐरागैरा बोलणारा नव्हता. पंचक्रोशीत त्यांच्या थापांना मान होता. उल्हास नदीतल्या एका माशानं आपली म्हैस अर्धा मैल ओढत नेली, आणि म्हशीनं परत येताना तोच मासा तोंडात धरून आणला, ही गोष्ट त्यांनी एका तहसीलदाराला सांगितली होती. तहसीलदारानं, मासा किती मोठा होता, एवढंच विचारलं होतं. म्हशीबद्दल त्याला शंका आली नाही. बुधाजींची खुबी तिथं होती.

पण रामभाऊंच्या पुण्यानुमोदनाला त्यांनी जे केलं ते थापेपेक्षा जरा वेगळं होतं.

रामभाऊ आणि बुधाजी फॅक्टरीत एकाच शेडमध्ये एकतीस वर्षं होते. रामभाऊंसारखा सरळ माणूस नाही, आणि सरळ माणसाची पंचाईत अशी की त्याच्याविषयी सांगण्यासारखं काही नसतं. कुणाशी भांडण नाही. भाजीत मीठ कमी असलं तरी न बोलता जेवणारे. सुटीच्या दिवशी पेपर वाचून त्याची चौकोनी घडी घालणारे. गेल्या वर्षी त्या सभेत बुधाजींच्या आधी सात जण बोलले, आणि सातही जण म्हणाले, साधा माणूस होता. दर वेळी 'साधा' म्हटलं की पहिल्या रांगेत चांगुणावहिनींची मान थोडी खाली जाई. सातव्याला तर हनुवटी छातीला टेकली.

मग बुधाजी उठले. उठेपर्यंत त्यांच्या डोक्यात काहीही नव्हतं. माइक हातात आला आणि सव्वीस जुलैचा पूर आला.

त्या पुरात, बुधाजींनी सांगितलं, रामभाऊ ट्रकची ट्यूब घेऊन अंबरनाथहून वालधुनीतून निघाले ते थेट कॅम्प तीनमध्ये पोचले. तिथं एका जीन्सच्या कारखान्याच्या पत्र्यावर टेकचंद मास्टर नावाचा म्हातारा शिंपी शिवणमशीनला मिठी मारून बसला होता. "साईं, मशीन छोडके नहीं आऊंगा," तो म्हणाला. रामभाऊ म्हणाले, "मग मशीनला आधी बसव." आणि या साध्या माणसानं मशीन आणि म्हातारा, दोघांना ट्यूबवर बसवून, स्वतः छातीएवढ्या पाण्यातून ओढत आणलं. आणि घरी येऊन बायकोलाही सांगितलं नाही!

चांगुणावहिनींनी मान वर केली होती. त्यानंतर ती खाली गेली नाही.

टेकचंद मास्टर या पृथ्वीतलावर कधी जन्मलाच नव्हता, हे एकट्या बुधाजींना ठाऊक होतं. बाकीच्यांनी त्याला असा काही आपलासा केला की दोन महिन्यांत कॅम्प तीनमधला एक जण, टेकचंदकडून आपण पँट शिवून घेतली होती आणि ती कमरेत जरा सैल झाली होती, असं सांगू लागला.

"महोदय, यंत्राचा त्याग करून मी येणार नाही!" माइकवरून टेकचंद म्हणाला.

बुधाजींनी डोळे मिटले. साईंचा महोदय केला! पुरात सगळी वस्ती बुडावी आणि विजेच्या खांबांची टोकं तेवढी वर दिसावीत, तशी त्या भाषणातून ओळखीची नावं तेवढी वर दिसत होती. रामभाऊ. वालधुनी. कॅम्प तीन. टेकचंद मास्टर. बाकी सगळ्यावर संस्कृतचं पाणी.

आणि लोक? लोक भारावले होते. चिखलाला 'कर्दम' म्हटल्यावर एक बाई डोळे पुसत होत्या. त्यांना कर्दम म्हणजे काय ते कळलं असेल तर बुधाजी मिशी उतरवायला तयार होते. शेवटी आकाशनं, रामभाऊंच्या मुलानं, जयदेवला एक जाडजूड ग्रंथ भेट दिला, आणि फोटो काढताना जयदेवनं तो हृदयाशी धरला. गेल्या वर्षी बुधाजींना चहा मिळाला होता. तोही दुसऱ्याचा कप चुकून.

"काय भाषा आहे पोराची," मागून कुणीतरी म्हणालं. "मागच्या वर्षी पण हीच आठवण कुणीतरी सांगितली होती ना? पण ही वजनदार वाटली."

कुणीतरी! बुधाजी ताडकन उठले.

जेवणाची पानं मांडेपर्यंत सगळे व्हरांड्यात चहा घेत होते. जयदेव खांबाला टेकून, एका हातात ग्रंथ आणि दुसऱ्या हातात कप घेऊन कौतुक झेलत होता. बुधाजी समोर जाऊन उभे राहिले. आजूबाजूचे दोघं-तिघं पांगेपर्यंत थांबले.

"चांगलं बोललास," ते म्हणाले.

"तुमचा आशीर्वाद काका."

"आशीर्वाद नाय रे, भाषण. माझं भाषण बोललास."

जयदेवनं लाजावं, घाबरावं, निदान चहा सांडावा, अशी बुधाजींची अपेक्षा होती. त्यानं कप खिडकीत ठेवला, खिशातून मोबाईल काढला आणि मोठ्या उत्साहानं दाखवू लागला.

"तुमचंच रेकॉर्डिंग होतं काका. पण एकदम तसंच बोललो तर बरं दिसतं का? तुमचं तुमचं आहे. म्हणून सगळं लिहून काढलं आणि ह्या ॲपला सांगितलं, प्रत्येक शब्दाला दुसरा भारी शब्द दे, अर्थ तोच राहू दे, आणि नावांना अजिबात हात लावू नको. बघा. एकही शब्द तुमचा ठेवला नाही."

"आणि नावं?"

"ती तर ठेवावीच लागणार. नाव बदललं तर खोटं होईल ना?" जयदेव बुधाजींकडं प्रामाणिक डोळ्यांनी बघत म्हणाला. "आणि नावं तुमची कशी काका? ती तर खरी माणसं आहेत."

बुधाजींनी तोंड उघडलं.

जिभेच्या अगदी टोकावर आलं होतं. टेकचंद माझा आहे. त्याला मी जन्म दिला, उभ्या उभ्या, माइक हातात असताना. तू शब्द बदलशील, सगळ्या भाषेचं पीठ करशील, पण त्या शिंप्याला पत्र्यावर मी बसवलंय! एवढं बोललं की जयदेव उताणा पडला असता. शोकसभेत खोटी गोष्ट सांगणारा म्हणून उद्या त्याला वाढदिवसालाही कुणी बोलावलं नसतं.

पण हे बोलायचं म्हणजे रामभाऊ वालधुनीत उतरलेच नव्हते हेही बोलावं लागणार होतं. व्हरांड्यात चाळीस माणसं होती. दारातून रामभाऊंचा फोटो दिसत होता.

"टेकचंद..." बुधाजी म्हणाले.

"भावजी," मागून आवाज आला.

चांगुणावहिनी होत्या. हातात खिरीची वाटी. त्यांनी ती बुधाजींना दिली आणि जयदेवला म्हणाल्या, "जा रे, प्रीती बोलवतेय तुला. पाया पडायचंय म्हणते तिची आई." आकाशची बायको प्रीती खरंच दारातून हात करत होती. जयदेव गेला. कुणाच्या तरी आईनं पाया पडावं असा माणूस! बुधाजींनी खिरीचा चमचा वाटीत इतक्या जोरानं फिरवला की काठावरून सांडली.

"रागावलात?" वहिनींनी विचारलं.

"नाय बा. कशाला?"

"जयदेवला मीच बोलावलं."

बुधाजींचा चमचा थांबला.

"आकाश म्हणत होता, बुधाजीकाकाच बोलू देत. मी म्हटलं, नको."

"वहिनी, मी काय कमी केलं गेल्या वर्षी?"

"कमी नाय. जास्त करता तुम्ही." त्या कठड्याला टेकल्या. आवाज असा, की भाजीचा भाव सांगतायत. "बुद्धपौर्णिमेला घरी आलात तेव्हा टेकचंदचा किशनचंद केलात. ऑक्टोबरात त्याची बायको पण पत्र्यावर चढवलीत. आणि गेल्या महिन्यात तर तो शिंपी नव्हताच, सोनार होता. ट्यूबवर तिजोरी ठेवलीत तुम्ही, भावजी."

"गोष्ट आहे वहिनी," बुधाजी म्हणाले. "जिवंत गोष्ट वाढते."

"मितूनं शाळेत 'माझे आजोबा' लिहिलं. टेकचंद, शिवणमशीन, सगळं. बाईंनी वर्गात वाचून दाखवलं. आणि ती घरी आली, तर तुम्ही बसलेले आणि तुमची तिजोरी. तुम्ही गेल्यावर मला विचारते, आजी, आजोबांनी नक्की कुणाला वाचवलं? का नाहीच वाचवलं कुणाला?"

मितू म्हणजे आकाशची दहा वर्षांची मुलगी. बुधाजींना ती त्या दिवशी दाराआड उभी असलेली आठवली. त्यांना वाटलं होतं, रंगून ऐकतेय.

"म्हणून जयदेवला सांगितलं," वहिनी म्हणाल्या. "शब्द तुला हवे ते घाल. तुझं भारी मराठी मला निम्मं कळत नाही, चालेल. पण नाव म्हणून जे आलंय ते तसंच आलं पाहिजे. तो तसा मुलगा आहे. दहा वेळा सांगायला लावलं तर दहा वेळा टेकचंदच म्हणेल."

बुधाजींनी खिरीची वाटी कठड्यावर ठेवली. ते म्हणाले, "पण खरं सांगायचं तर, वहिनी, त्या दिवशी रामभाऊ..."

"घरी होते," वहिनी म्हणाल्या.

खाली रस्त्यावर रिक्षावाला कॅम्प चार, कॅम्प पाच ओरडत होता.

"दोन दिवस ताप होता त्यांना. पोलिओचा डोस द्यावा तसं औषध पाजावं लागायचं. मीच कपाळावर घड्या ठेवत बसले होते, आणि खिडकीतून पाणी बघत होते. आकाश तेव्हा नाशिकला. घरात आम्ही दोघंच."

एवढा नामी थापाड्या, पण पूर आणताना, ट्यूब आणताना, शिंपी आणि मशीन आणताना, नवरा त्या दिवशी कुठं होता हे त्याच्या बायकोला ठाऊक असतं, एवढी एक गोष्ट बुधाजींच्या ध्यानात आली नव्हती. एक वर्ष आली नव्हती. त्यांच्या कानाच्या पाळ्या तापल्या.

"मग तेव्हाच बोलला का नाहीत?"

वहिनींनी त्यांच्याकडं पाहिलं, मग फोटोकडं. त्यांनी पदराच्या टोकानं कठड्यावर सांडलेली खीर पुसली.

तेवढ्यात मितू आली. पांढरा फ्रॉक, दोन वेण्या. तिच्यामागून जयदेव, पाया पडून घेऊन तो जरा उंच झाल्यासारखा वाटत होता.

"आजोबा," मितू बुधाजींना म्हणाली, "टेकचंद का किशनचंद? फायनल सांगा."

जयदेव थबकला. "किशनचंद? कोण किशनचंद?"

वहिनी मितूच्या वेणीची रिबन सोडून पुन्हा बांधू लागल्या.

बुधाजींना जाणवलं की असा मोका पुन्हा यायचा नाही. नुसतं एक नाव. किशनचंद म्हणायचा अवकाश, की जयदेवचं आजचं सगळं भाषण, त्याचे कर्दम आणि रज्जू, त्याचा तो जाडजूड ग्रंथ, सगळं वालधुनीला मिळणार. खरी गोष्ट कुणाकडं आहे ते एकदाचं ठरणार. किशनचंद. पाच अक्षरं. तोंडात लाळ सुटावी तसं ते नाव तोंडात आलं.

मितू वाट बघत होती. तिनं एका हातानं आजीचा पदर धरला होता आणि तो पिळत होती.

"टेकचंद," बुधाजी म्हणाले.

"नक्की?"

"नक्की. जयदेवकाका बोलले तेच बरोबर." एरंडेल प्यायल्यासारखा त्यांचा चेहरा झाला होता. "मी म्हातारा झालो आता. नावं विसरतो."

एकतीस वर्षांतल्या कुठल्याही पाळीत कोण कुणाशेजारी उभा होता हे झोपेतही सांगणारा माणूस हे बोलला. कमळाबाई तिथं असत्या तर त्यांनी कपाळाला हात लावून ताप पाहिला असता. जयदेव मात्र समजूतदारपणे हसला, म्हाताऱ्यांच्या विसरण्यावर हसतात तसा. तेही बुधाजींनी गिळलं.

मितूनं पदर सोडला. तिचं समाधान झालं होतं. पण पोरांच्या समाधानाला लगेच पुढचा प्रश्न फुटतो.

"मग ते टेकचंद आजोबा आपल्याकडं कधीच कसे आले नाहीत? आजोबा वारले तेव्हा पण नाही. आपल्याला कुणी वाचवलं तर आपण जातो ना त्यांच्या घरी?"

वहिनींचा रिबनवरचा हात थांबला.

बुधाजींकडं उत्तरं होती. एक नाही, तीन होती. त्यातल्या एकात टेकचंद दुबईला गेला होता. पण त्यांनी ती मागं सारली आणि त्या दिवसात पहिल्यांदाच त्यांना मनापासून मजा वाटली.

"जयदेवकाकांना विचार," ते म्हणाले. "गोष्ट आता त्यांच्याकडं आहे."

आणि हात मागं बांधून बघत उभे राहिले. बघू दे आता. इथं बदलायला शब्दच नव्हते. कुणी आधी बोललेलं काही नव्हतं, की ज्याला उलटं करून, धुऊन, इस्त्री करून परत घालावं. जयदेवचा हात सवयीनं मोबाईलच्या खिशाकडं गेला आणि तिथंच घुटमळला. त्यानं बुधाजींकडं पाहिलं. बुधाजींनी छताकडं पाहिलं. मग जयदेवनं मितूकडं पाहिलं.

"आले होते ना," तो हळूच म्हणाला.

"कधी?"

"आज. मी बोलत होतो तेव्हा मागच्या दारात उभे होते. फार थकलेत गं. चालताना भिंत धरतात. ऐकलं सगळं, फोटोकडं बघून हात जोडले. मी म्हटलं संपल्यावर भेटू, तर वळून निघाले. जिना उतरत असतील अजून."

यात एकही भारी शब्द नव्हता.

मितू वेणीतली रिबन लोंबत असतानाच धावत सुटली. चपलांच्या ढिगावरून उडी मारून ती जिन्याच्या तोंडाशी गेली आणि वाकून खाली बघू लागली.

वर्षभर बुधाजींनी त्या माणसाला पत्र्यावर बसवलं, त्याला बायको दिली, तिजोरी दिली, सोनार केलं. भिंत धरून चालत दारापर्यंत यायला कधी सांगितलं नव्हतं. सकाळपासून ते जळत होते खरे, पण त्या जळण्याला आतून एक सुख होतं. जळत होते ते आपल्याच वाक्यांसाठी. जयदेवचं हे वाक्य त्यांचं नव्हतं. सोलून पाहिलं तरी आत त्यांचं काही निघालं नसतं.

जयदेव घाबरून चांगुणावहिनींकडं बघत होता. आपण काय करून बसलो ते त्याला आत्ता कुठं कळत होतं. पण वहिनींचं त्याच्याकडं लक्ष नव्हतं. त्या कठड्यापासून दोन पावलं पुढं आल्या होत्या, आणि टाचा उंचावून, माणसांच्या डोक्यांवरून, जिन्याकडं बघत होत्या.

बुधाजींनी जिन्याकडं मान वळू दिली नाही. त्यासाठी त्यांना खांब धरावा लागला.